थर्झा सेचेलने पाठ केलेलं प्रायश्चित्त

थर्झा सेचेलच्या मांडीवरचा हंस सहसा ओरडत नसे, आणि हॅडनी गावात एखाद्या बाईला मिळू शकणारी ही मोठ्यातली मोठी कीर्ती होती. हंस म्हटल्यावर कुणाच्या डोळ्यांपुढे मोती टिपणारा शुभ्र पक्षी येत असेल, तर त्याने तो आपल्यापाशीच ठेवावा. आमच्या दलदलीतले हंस चावरे, आडदांड आणि चिखलाने बरबटलेले. शहरातल्या लोकांच्या गाद्या-उशा भरायच्या म्हणून वसंतापासून पानगळीपर्यंत त्यांची पिसं जिवंतपणीच उपटायची, नवी फुटली की पुन्हा उपटायची. पक्षी उलटा मांडीत घेऊन, मान काखेत दाबून बाया ओळीने बसत, आणि अंगणात असा कालवा माजे की शेजारणीला मीठ मागायचं तरी ओरडावं लागे.

थर्झा जिथे बसे तिथे मात्र जरा शांतता असायची. नव्या पोरींना ती सांगे, "मन हातात ठेवलंस की हात अडखळतो, आणि हात अडखळला की पाखराला दुखतं. तोंडाला काहीतरी काम दे, हात आपसूक चालतो." तिच्या तोंडाचं काम म्हणजे लहानपणी पाठ केलेली चर्चची प्रार्थना. एका ओळीला चार चिमटे, पुढच्या ओळीला चार. ती पुटपुटत राही, बोटं चालत राहत, आणि पक्षी बिचारा आपलं काय चाललंय ते कळायच्या आत उघडा होऊन निघून जाई.

तिचा नवरा जेबेझ ईल मासे धरायचा. आमच्याकडच्या अर्ध्या लोकांना नेतो तसा त्यालाही हिवताप घेऊन गेला. मागे राहिली थोरली केझाया आणि अजून नाक पुसता न येणारी दोन लहान मुलं. केझाया सतराची झाल्यावर थर्झाने तिला ब्रॅन्समच्या वाडीवर दूधदुभत्याच्या कामाला ठेवलं. ख्रिस्तोफर ब्रॅन्सम म्हणजे गावातला सगळ्यात मोठा शेतकरी. निम्मी कोरडी जमीन त्याची, हंसांचा मोठा कळप त्याचा, आणि चर्चचा कारभारीही तोच. रविवारी तो पुढच्या बाकावर बसायचा आणि त्याच्या गुडघ्यांना टेकायला खास लाल उशी असायची. त्या उशीत थर्झाने उपटलेली पिसं होती, पण हे कोण लक्षात ठेवतो?

त्या हिवाळ्यात केझाया गाठोडं घेऊन घरी आली. तिच्याकडे एकदा पाहिल्यावर थर्झाला काही विचारावं लागलं नाही. फक्त कोण, एवढंच विचारलं.

"मालक," केझाया म्हणाली. मग गाठोडं खाली ठेवून म्हणाली, "आई, तुला सांगितलं, आता आणखी कुणाला सांगायचं नाही. माझ्यावर कुणी विश्वास ठेवणार नाही. तू ठेवतेस ना?"

"ठेवते."

"मग पुरे."

थर्झाने तोंड मिटून ठेवलं. पोर झालं, मुलगी झाली, तिचं नाव डोर्कस ठेवलं, तरीही तिने तोंड उघडलं नाही. वसंतात ब्रॅन्समच्या अंगणात पिसं उपटायला बाया बसल्या तेव्हा तीही गेली, कारण न जाऊन खायचं काय. तिच्या शेजारी मर्सी गॉटोबेड बसली होती. मर्सी मनाची वाईट नव्हती, पण तिच्या जिभेला हाड म्हणून नव्हतं.

"काय गं थर्झा," मर्सी मोठ्याने म्हणाली, "तुझ्या केझीचं पोर नेमकं कुठल्या होडीतून उतरलं म्हणे? का होड्याच इतक्या आल्या की मोजायचं राहून गेलं?"

सगळ्या बाया हसल्या. थर्झाची बोटं चालू होती, तोंडात प्रार्थना चालू होती, मन दोन्हींत नव्हतं. आणि त्याच चालीवर, चार चिमट्यांच्या मापात, तिच्या तोंडातून निघून गेलं, "ज्याचे हंस मांडीवर घेऊन बसलोय आपण, त्याचंच आहे ते पोर."

हसणं थांबलं. दूधघराच्या दारात ब्रॅन्समची बायको उभी होती.

पुढचं सगळं कायद्याने झालं, म्हणजे सावकाश आणि चुकायला वाव न ठेवता. एखाद्या भल्या माणसावर व्यभिचाराचा आळ घेणं हा गुन्हा, आणि त्याचा न्याय बिशपच्या कोर्टात. थर्झा काय बोलली ते त्या अंगणातल्या बायांना शपथेवर विचारलं, आणि त्यांनी खरं ते सांगितलं. थर्झा बोलली ते खरं होतं का, हे मात्र कुणी विचारलं नाही. केझायाला बोलावलंच नाही. जिची अब्रू गेली तिच्या शब्दाला किंमत नाही, आणि शब्दाला किंमत नाही म्हणून अब्रू परत मिळायची नाही, असा तो चोख न्याय होता.

निकाल लागला. थर्झाने येत्या महिन्यातल्या एका रविवारी, प्रार्थना संपल्यावर, चर्चमध्ये सगळ्यांसमोर उभं राहून प्रायश्चित्त घ्यायचं. पाद्री एकेक वाक्य म्हणेल, तिने ते त्याच्या मागोमाग म्हणायचं. नाही म्हणाली तर तुरुंग, आणि तुरुंगातून सुटका नाही जोवर ती हो म्हणत नाही तोवर. आई तुरुंगात गेली की पोरांचं काय होतं हे आमच्याकडे शेंबड्या मुलालाही ठाऊक असतं. नवा कायदा नुकताच आला होता, ज्यांचं पोट चालत नाही त्यांना कोंडायला गावाबाहेर गरिबांचं घर नवंकोरं बांधून तयार होतं. तिथे आईला एका बाजूला, पोरांना दुसऱ्या बाजूला ठेवत, आणि अंगावर पोर असलेल्या बिनलग्नाच्या मुलीला आणखी तिसऱ्या बाजूला.

केझायाने हे ऐकलं तेव्हा ती डोर्कसला पाजत होती.

"म्हणजे मी खोटी आहे, असं तू उभं राहून सांगणार," ती म्हणाली.

"तुझं नाव त्यात नाहीच आहे. मी खोटं बोलले, एवढंच आहे."

"तू ते कुणाकडून ऐकलंस मग? वाऱ्याकडून?"

थर्झा चुलीत जळणारी दलदलीतल्या मातीची काळी ढेकळं उगाच हलवत बसली.

"मी एकीलाच सांगितलं होतं, आई. साऱ्या जगात एकीला. तू गप्प राहिली असतीस तर ही वेळच आली नसती. आणि आता बोललीस, तर निदान बोललेलं धरून तरी राहा."

"ही दोन कुठे जातील? आणि हे तुझ्या मांडीवरचं?"

केझायालाही ते कळत होतं, म्हणून तर तिला जास्त राग येत होता. थर्झा उठली, लेकीसमोर खाली बसली आणि तिने तिच्या गुडघ्यांवर हात ठेवले.

"ऐक. ओठांनी म्हणेन, नुसत्या ओठांनी. चर्चमधून बाहेर आल्यावर मला कुणी विचारलं तर सांगणार नाही, पण तू विचारलंस तर सांगेन. ही मोठी झाली आणि हिने विचारलं तर हिला सांगेन. तू खरं बोललीस हे म्हणणारं एक माणूस मी मरेपर्यंत या गावात असेल."

"शपथ?"

"शपथ."

केझायाला तेवढंच हवं होतं. ते फार नव्हतं, पण तिच्याकडे दुसरं काही नव्हतंच.

प्रायश्चित्ताचा कागद घेऊन आला चर्चचा कारकून, एनॉक टनार्ड. रविवारी पाद्रीच्या प्रत्येक प्रार्थनेनंतर सगळ्यांच्या वतीने मोठ्याने "आमेन" म्हणायचं हे त्याचं काम, आणि आठवडाभर पोरांना अक्षरं शिकवायची. त्याला शब्दांचं वेड होतं. पाद्रीच्या कपाटातला जाडजूड शब्दकोश तो उसना आणायचा आणि एखाद्या शब्दाचं मूळ सापडलं की खजिना सापडल्यासारखा गावभर सांगत हिंडायचा. लोक त्याच्या तोंडावर ऐकून घेत आणि पाठ फिरली की त्याचं "आमेन" म्हणून दाखवत.

थर्झा दारात बसून ईल सोलत होती. त्याने कागद वाचून दाखवला.

"मी, थर्झा सेचेल, ख्रिस्तोफर ब्रॅन्सम यांच्याविषयी जे बोलले ते खोटं बोलले. त्यामुळे देव दुखावला आणि शेजाऱ्याच्या नावाला काळं लागलं. मी नम्र होऊन, स्वतःला खाली करून, माझा अपराध कबूल करते. त्यांनी मला क्षमा करावी. असं मी पुन्हा कधी बोलणार नाही."

"टनार्डमास्तर," थर्झा म्हणाली, "मला भीती वाटते. त्या एका जागी माझा आवाज बसेल. 'खोटं' आलं की घशातून बाहेरच यायचं नाही. मग काय?"

"मग प्रायश्चित्त झालं अशी पाद्रीसाहेब सही करणार नाहीत, आणि पुढच्या रविवारी पुन्हा उभं राहावं लागेल. पण बाई, तुला काही पाठ नाही करायचं. ते म्हणतील तसं म्हणायचं फक्त."

"नाही. मला पाठ करून द्या. मन त्यात असलं की मी अडखळणार. हात कसा चालतो माझा पिसांवर? तसं तोंड चाललं पाहिजे."

एनॉकला हे पटलं नाही, पण त्याच्याकडे कुणी काही शिकायला आपणहून आलं होतं, आणि हा मोह त्याला आवरण्यासारखा नव्हता. तो रोज दुपारी येऊ लागला. आणि नुसतं पाठ करून घेईल तर तो एनॉक कसला. खरं काय ते गावात सगळ्यांना ठाऊक होतं, त्यालाही. पण त्याची नोकरी चर्चच्या कारभाऱ्याच्या, म्हणजे ब्रॅन्समच्याच हातात. म्हणून बापड्याने आपल्यापरीने एक औषध काढलं होतं. त्याला वाटे, शब्दाचं मूळ कळलं की शब्द चावत नाही.

"नम्र," तो म्हणाला. आमच्या बोलीत हा शब्द हंबल. "हंबल कुठून आला माहीत आहे? रोमन लोकांच्या भाषेत मातीला जो शब्द होता, त्यातून. हंबल म्हणजे जमिनीपाशी असलेला. बघ, यात अपमान कुठे आहे? सगळं मातीतूनच उगवतं."

थर्झाने आपले पाय पाहिले. ते घोट्यापर्यंत काळे होते. "एवढंच असेल तर मी जन्मल्यापासून हंबल आहे. त्यासाठी चर्चमध्ये कशाला उभं करतात?"

"स्वतःला खाली करणं, ते अबेस. त्याच्या मुळात नुसतं 'बुटकं, ठेंगणं' असं आहे. आणि डिग्रेड म्हणतात ना लोक, ते कोर्टाच्या कागदात आहे, आपल्या नाही, त्यात पायरी आहे. पूर्वी एखाद्या धर्मगुरूचा अधिकार काढून घ्यायचा तर एकेक वस्त्र काढत, एकेक पायरी उतरवत. म्हणून डिग्रेड."

"तो माझा शब्द नाही," थर्झा म्हणाली. "पायरी उतरायला आधी पायरी लागते. मी कुठली उतरू?"

मग एनॉकने ग्रॉव्हल सांगितला. जुन्या, उत्तरेकडून होड्यांतून आलेल्या लोकांचा शब्द, तोंड जमिनीकडे करून पालथं पडणं. नाक घासणं. मग तिला हसवायला म्हणून त्याने हंबल-पाय नावाच्या पदार्थाची गंमत सांगितली. हरणाची शिकार झाली की चांगलं मांस मालकाच्या ताटात जाई आणि आतडी-काळीज शिकाऱ्याच्या घरी. त्या आतड्यांना जुना शब्द होता अंबल्स. ती कणकेत घालून भाजत, त्या पदार्थाला 'पाय' म्हणत, आणि तो खाली बसलेल्यांना मिळे. पुढे दोन शब्द एकमेकांत मिसळले आणि मान खाली घालायला लागणं म्हणजे हंबल-पाय खाणं झालं.

थर्झा त्या महिन्यात एकदाच हसली, ती तेव्हा. "हरणाची आतडी? मास्तर, आमच्याकडे ती आली असती तर सण केला असता हो."

पण हसून झाल्यावर ती म्हणाली, "तुमच्या पुस्तकात किती हो हे शब्द. एक मातीत नेणारा, एक पायऱ्यांवरून उतरवणारा, एक तोंडावर पाडणारा. माणसाला खाली नेण्याच्या इतक्या वाटा. वर आणायचा शब्द कधी सांगितला नाही तुम्ही." एनॉकने शब्दकोश मिटला. तो घरी जाताना फार खजील होता, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा आला.

कारण थर्झाला पाठ होईना. नुसतं बसून म्हणताना दर वेळी ती "खोटं" पाशी अडे. मग तिनेच युक्ती काढली. ब्रॅन्समच्या अंगणात तिला आता कुणी घेत नव्हतं, पण मर्सीने, मनाला लागलं होतं म्हणून असेल, आपले चार-दोन हंस तिच्याकडे आणून दिले. थर्झाने पक्षी मांडीवर घेतला, मान काखेत दाबली, आणि चिमटे सुरू केले. मी, थर्झा सेचेल. चार चिमटे. ख्रिस्तोफर ब्रॅन्सम यांच्याविषयी. चार चिमटे. जे बोलले ते खोटं बोलले. गाडी कुठेही न अडता पुढे गेली. तिने ते पुन्हा म्हटलं, पुन्हा म्हटलं. हंस ओरडला नाही. आत केझायाने पोराला उचललं आणि ती मागच्या दाराने बांधावर निघून गेली.

जुनी प्रार्थना त्या दिवशी तिच्या बोटांतून निघून गेली आणि तिच्या जागी हे बसलं. हे थर्झाच्या तेव्हा लक्षात आलं नाही. आलं असतं तरी तिने तेच केलं असतं असं मला वाटतं.

तो रविवार उजाडला तेव्हा चर्च फुटायच्या बेताला आलं होतं. एरवी ज्यांना देव आठवत नाही असे होडीवाले, गुराखी, शेजारच्या गावचे लोक, सगळे आले होते. बाकांवर उभे राहिले, खांबांना लटकले. कुणीतरी पाईपसुद्धा पेटवला. जुन्या काळी प्रायश्चित्त घेणाऱ्याला पांढरी चादर पांघरून, अनवाणी, हातात पांढरी काठी देऊन उभं करत, आणि लोक तेवढ्यासाठी आले होते. थर्झाच्या कागदात चादर नव्हती. ती आपल्या रोजच्या तपकिरी झग्यात उभी राहिली.

"चादर कुठाय?" मागून कुणीतरी ओरडलं.

"धुवायला टाकली असेल," दुसरा म्हणाला. हशा झाला.

ब्रॅन्सम पुढच्या बाकावर मान ताठ ठेवून बसला होता. बायको शेजारी होती आणि ती मात्र खाली बघत होती. पाद्रीने कागद उघडला आणि पहिले शब्द म्हटले. थर्झाने दोन्ही हात झग्याच्या पुढच्या चुण्यांत घातले. तिची बोटं चालायला लागली, आणि तोंड चालायला लागलं. पाद्रीच्या मागोमाग म्हणायचं ती विसरूनच गेली. तो दुसऱ्या वाक्याला होता तेव्हा ती चौथ्याला पोचली होती. स्वच्छ, खणखणीत, कुठेही न अडखळता तिने सगळं म्हणून टाकलं, आणि ते संपलं तेव्हा चर्चमध्ये एकदम शांतता पसरली. इतकं सरळ, न रडता, न थांबता माणूस खोटं बोलत नाही. निम्म्या लोकांना तरी, खरं ठाऊक असूनही, त्या घटकेला वाटून गेलं की थर्झा त्या दिवशी अंगणात खरंच खोटं बोलली असेल.

"मी क्षमा करतो," ब्रॅन्सम म्हणाला.

एनॉक टनार्डने "आमेन" म्हणायचं होतं. ते त्याने इतकं हळू म्हटलं की पाद्रीला मान वळवून त्याच्याकडे बघावं लागलं.

केझाया आली नव्हती. घरी परतल्यावर थर्झाने पाहिलं, तिने ईलचा रस्सा करून ठेवला होता आणि सगळ्यांची ताटं वाढली होती. सगळे जेवले. "झालं?" केझायाने विचारलं. "झालं," थर्झा म्हणाली. "आणि खरं काय?" केझायाने विचारलं. "तू सांगितलंस तेच," थर्झा म्हणाली. त्यानंतर हा विषय त्यांच्यात निघाला नाही.

घर टिकलं. कुणी गरिबांच्या घरात गेलं नाही, एवढ्यासाठी तर सारं केलं होतं. दोन लहान मुलं मोठी होऊन कामाला लागली. केझायाशी कुणी लग्न केलं नाही. ती परक्यांच्या शेतात बीट उपटत राहिली, आणि चर्चमध्ये तिने पुन्हा पाऊल टाकलं नाही. बाया तिच्याशी बोलत, पण जरा वरून बोलत. आपल्या मुलीचं बापपण भल्या माणसावर ढकलणारी, हा शिक्का तिच्या कपाळी बसला तो बसलाच. ज्यांना खरं माहीत होतं त्यांनाही हळूहळू चर्चमध्ये ऐकलेलंच आठवू लागलं. ते सोयीचं होतं.

थर्झाला पुन्हा पिसांचं काम मिळालं, ब्रॅन्समच्या अंगणातसुद्धा. पण आता ती बसली की आधी एक जाड पीस दातांत धरायची, अगदी घट्ट. नव्या पोरींना वाटे ही म्हातारीची काहीतरी सवय असेल. दात उघडले आणि बोटं चालू असली की काय बाहेर पडतं ते एकट्या थर्झाला माहीत होतं. तिने जुनी प्रार्थना परत आणायचा किती प्रयत्न केला. ती यायचीच नाही. दातांत पीस धरून, मन हातात ठेवून ती काम करी, आणि तिच्या मांडीवरचे हंस आता इतरांसारखेच ओरडत.

डोर्कस पंधराची झाली तेव्हा ब्रॅन्समच्या घरून निरोप आला, पोरीला कामाला पाठवा म्हणून. पोरगी खूश होती, तिथे कपडे चांगले मिळत. थर्झाने तिला बांधावर नेलं आणि सांगितलं, "तुझा बाप त्या घरात बसलाय. म्हणून जायचं नाही."

डोर्कस पांढरी पडली. "पण आजी, सगळे म्हणतात तू चर्चमध्ये…"

"ते ओठांनी म्हटलं होतं. हे मी म्हणतेय. तुझी आई कधी खोटं बोलली नाही."

डोर्कसने ते मानलं, कारण आजीने सांगितलं होतं. आईने सांगितलं असतं तर मानलं असतं की नाही, कोण जाणे. त्या दिवसापासून तिघी जरा जवळ आल्या. डोर्कस आईचा हात धरून बाजारात जाऊ लागली, आणि केझाया, जी इतकी वर्षं मान खाली घालून चालायची, ती पोरीबरोबर चालताना समोर बघू लागली. थर्झाने पाळलेल्या शपथेचं फळ म्हणून दाखवायचं तर एवढंच होतं.

मग थर्झालाही हिवतापाने गाठलं, नवऱ्याला गाठलं होतं तसंच. खसखशीच्या बोंडांचा काढा दिला की ती शांत पडायची, हुडहुडी भरली की पुन्हा थरथरायची. एका सकाळी तिला धाप लागली. केझायाने तिच्या मानेखाली एक हात घालून तिला उचलून धरलं, म्हणजे श्वास यावा. डोर्कस पायांपाशी उभी होती. मर्सी गॉटोबेड, आता म्हातारी, रस्सा घेऊन आली होती ती दारात थांबली.

थर्झाची बोटं पांघरुणावर चालायला लागली. मरणाच्या दारी माणसाची बोटं अशी पांघरूण वेचतात, आमच्याकडे सगळ्यांनी पाहिलेलं असतं. पण थर्झाच्या बोटांना वेचायची चाल ठाऊक होती. चार चिमटे, आणि पुन्हा चार.

तिच्या दातांत पीस नव्हतं.

"मी, थर्झा सेचेल," ती म्हणाली. आवाज खोल गेला होता, पण शब्द स्वच्छ होते. "ख्रिस्तोफर ब्रॅन्सम यांच्याविषयी जे बोलले ते खोटं बोलले."

"आई," केझाया म्हणाली. "आई, नको. आई, ऐक, इकडे बघ."

"त्यामुळे देव दुखावला. शेजाऱ्याच्या नावाला काळं लागलं. मी नम्र होऊन…"

"देवा," दारातून मर्सी हळूच म्हणाली. "शेवटी शेवटी कबूल केलं बाईने." तिने रश्श्याचं भांडं उंबऱ्यावर ठेवलं आणि छातीवर क्रूस काढला.

केझायाला कळलं. तिने कितीदा पाहिलं होतं, हात आणि तोंड एकत्र चालताना. तिने मोकळ्या हाताने आईचा उजवा हात धरला, बोटं आपल्या मुठीत आवळली. थर्झा अडखळली. क्षणभर तिचे डोळे लेकीवर स्थिरावल्यासारखे झाले, ओठ थांबले. पण डावा हात मोकळा होता, आणि तो चालतच राहिला. आईच्या मानेखालचा हात काढला तर तिचा श्वास जाणार होता.

"डोर्कस," केझाया म्हणाली, "तिचा तो हात धर. घट्ट धर. तो हलला की ती बोलते. ती ते मनापासून बोलत नाही, तिला ते पाठ आहे. धर तू."

डोर्कस पायांपाशी उभी होती. ती आजीच्या तोंडाकडे बघत होती, मग तिने आईकडे पाहिलं. तीच नजर केझायाने गावातल्या प्रत्येक बाईच्या डोळ्यांत पाहिली होती. आपल्या पोरीच्या डोळ्यांत ती पहिल्यांदाच बघत होती.

"मरताना कुणी खोटं बोलतं का, आई?" डोर्कसने विचारलं.

"हात धर, पोरी. मी सांगते तुला सगळं. आधी हात धर."

डोर्कसने आपले दोन्ही हात पाठीमागे नेले. पांघरुणावर थर्झाचा डावा हात चार चिमटे घेत राहिला आणि पुन्हा चार, आणि ती अगदी सुरुवातीपासून म्हणू लागली.